विंडोज अठ्ठ्याण्णवचं सोंग

चपला दाराबाहेर काढून मी आत गेले आणि पहिल्याच पावलाला कळलं की इथं कुणीच चपला काढलेल्या नाहीत. हिरेमठ साहेबांच्या पायांत चकाकते बूट होते, बाकावर माझ्यासारख्याच मुलाखतीला आलेल्या दोन पोरींच्या पायांत उंच टाचांच्या सँडल. आमच्या वेळी कॉम्प्युटरच्या खोलीत चपला घालून पाऊल टाकलं की सर बाहेर काढायचे. मशीनला धूळ चालत नाही म्हणायचे. आता उठून पुन्हा बाहेर जाणं त्याहून वाईट दिसलं असतं, म्हणून मी निऱ्या जरा खाली ओढल्या आणि खुर्चीत बसले.

“कॉम्प्युटर येतंय न्हवं?” हिरेमठ साहेबांनी विचारलं. मिरजेतल्या त्या खासगी हॉस्पिटलचा सगळा कारभार तेच बघायचे, आणि जागा होती बिलिंग काउंटरवरची.

“येतंय की. कोर्स झालाय माझा. शिवाय सगळं करून आणलंय.”

“काय करून आणलंय?”

“बायोडाटा आहे, रजेचा अर्ज आहे, बिलाचा नमुना आहे. तुम्ही फक्त नेट चालू करून द्या.”

हे मी इतक्या ठसक्यात बोलले होते की आज इतक्या वर्षांनी ते वाक्य आठवलं तरी माझे कान गरम होतात.

कोर्स झाला होता हे खरंच होतं. लग्नाच्या आधी, तीन महिन्यांचा. तेव्हा विंडोज अठ्ठ्याण्णव होतं. खाली करड्या रंगाची पट्टी, डाव्या कोपऱ्यात स्टार्ट, वर माय कॉम्प्युटर, माय डॉक्युमेंट्स, रिसायकल बिन. खंडेनवमीला सर मॉनिटरला हार घालायचे आणि आम्ही पोरी कीबोर्डवर हळद-कुंकू सांडू नये म्हणून जीव मुठीत धरून उभ्या राहायचो. पुढं लग्न झालं, गौतमी झाली, आणि कॉम्प्युटरशी माझा संबंध तुटला तो तुटलाच.

त्या वर्षी माझ्या नवऱ्याच्या गुडघ्याचं ऑपरेशन झालं. त्यांची शाळेची व्हॅन होती, ती चालवणं बंद झालं. गौतमी बारावीची परीक्षा देऊन बसली होती आणि तिला पुण्याला इंजिनिअरिंगला जायचं होतं. घरात कमावणारं कुणीतरी हवं होतं आणि उरले होते मी. भावानं गौतमीला जुना लॅपटॉप दिला होता. एक दिवस ती आंघोळीला गेल्यावर मी तो उघडला. चित्रंच चित्रं, रंगच रंग. ओळखीचं एकही नाही. स्टार्टसुद्धा नाही. मी काहीतरी दाबलं आणि स्क्रीन उलटी झाली, अक्षरशः खाली डोकं वर पाय.

गौतमी बाहेर आली आणि कपाळाला हात लावला. “आई, तू पण ना! माझे एन्ट्रन्सचे पेपर आहेत गं यात.”

पुढचे दोन-तीन दिवस मी सारखी तिच्या मागं. हे कुठं असतं, ते कसं करतात. ती वैतागत होती, पण पोर चांगली आहे, ओरडली नाही कधी. मग एका दुपारी तिनं मला हाक मारली. “आई, इकडं ये. डोळे मीट. आता उघड.”

समोर माझं विंडोज अठ्ठ्याण्णव होतं! तीच करडी पट्टी, तोच स्टार्ट, चालू होताना वाजायची ती धूनसुद्धा तीच. माहेरचं माणूस परगावच्या बाजारात अचानक भेटावं तसं मला झालं. माझ्या डोळ्यांत पाणी आलं हे बघून गौतमी हसायलाच लागली.

“ही वेबसाईट आहे. यात तू काय वाट्टेल ते कर. काही बिघडत नाही.”

“माझ्याच्यानं काहीतरी पुसलं बिसलं गेलं तर?”

“काही पुसलं जात नाही. तू बिनधास्त कर.”

आणि मी केलं. रोज दुपारी ती झोपली की लॅपटॉप माझा. नोटपॅडमध्ये टायपिंग, पेंटमध्ये रेघोट्या, कंटाळा आला की सुरुंगाचा तो खेळ. बोटं गंजली होती ती हळूहळू सुटली. बायोडाटा लिहिला, सेव्ह केला, बंद केला. दुसऱ्या दिवशी माय डॉक्युमेंट्स उघडलं तर जागच्या जागी. गौतमी तिचं ई-मेल चौकातल्या नेट कॅफेतूनसुद्धा उघडायची. नेटवरचं कुठूनही उघडतं, एवढं मी तिच्याकडूनच ऐकलं होतं. मग माझं हे नेटवरचं माय डॉक्युमेंट्सही कुठूनही उघडणार, यात मला शंका घ्यायचं कारणच नव्हतं.

हिरेमठ साहेबांनी मशीन माझ्याकडं वळवलं. वेबसाईटचा पत्ता मी पाठ केला होता. एकेक अक्षर शोधून दाबलं. स्क्रीन काळी झाली, धून वाजली आणि करडी पट्टी आली.

“अरेच्चा! हे काय उघडलं हो?” साहेब खुर्चीतून पुढं झुकले. “जस्मीन, बघ गं हे. आमच्या कॉलेजात असलं होतं.”

काउंटरवरची मुलगी उठून आली. बाकावरच्या दोघीही माना उंच करून बघायला लागल्या. मला वाटलं, माझंच कौतुक चाललंय. मी ऐटीत माय डॉक्युमेंट्सवर दोनदा क्लिक केलं.

रिकामं.

मी बंद केलं, परत उघडलं. रिकामं. मग मला वाटलं की कुणीतरी पुसलं असणार, म्हणून रिसायकल बिन उघडला. तोही रिकामा.

“काल होतं,” मी म्हणाले. “काल रात्री मी स्वतः बघितलंय. तुमच्या मशीनमध्ये काहीतरी गडबड आहे. कुणीतरी पुसलंय माझं.”

बाकावरच्या एकीला हसू आवरेना. तिनं ओढणी तोंडाशी धरली. जस्मीन मात्र हसली नाही. ती माझ्या खुर्चीशी वाकली आणि हळू आवाजात म्हणाली, “मॅडम, हे खरं विंडोज नाहीये. हे त्याचं सोंग आहे, गंमत म्हणून कुणीतरी केलेलं. यात केलेलं सगळं ज्या लॅपटॉपवर केलं त्याच्यातच राहतं. घरी असेल तुमचं.”

“म्हणजे मी शिकले ते?”

“टायपिंग शिकलात की,” ती म्हणाली. ती खरोखर चांगली मुलगी होती.

मी म्हटलं, थांबा, यावरच करून दाखवते. साहेबांनी त्यांचा बिलाचा प्रोग्रॅम उघडून दिला. चौकोनच चौकोन. पेशंटचं नाव टाका म्हणाले. माऊस कितीही सांभाळून हलवला तरी बाण त्या चौकोनात थांबेना. नाव वयाच्या जागी गेलं आणि वय कुठं गेलं ते मला आजपर्यंत कळलेलं नाही. हिरेमठ साहेब “असू दे, असू दे” म्हणाले. त्यांनी मला हाकललं असतं तरी चाललं असतं, ते “असू दे” ऐकवेना.

बाहेर आले तर माझ्या चपला कुणीतरी भिंतीला सारल्या होत्या. मी अनवाणी उभी राहून त्या शोधत होते, तेवढ्यात एक बाई घाईघाईनं आली. हातात थर्मास, डोक्यावर पदर. “मावशी, बायकांचा वॉर्ड कुठल्या अंगाला?”

हॉस्पिटलात मावशी म्हणजे कोण ते मिरजेत लहान पोरालाही ठाऊक आहे. फरशी पुसणारी, पेशंटला लघवी-संडासाचं भांडं देणारी, चादरी बदलणारी. मी तिला हातानं रस्ता दाखवला. तो बरोबर होता की नाही हेही मला माहीत नव्हतं.

हिरेमठ साहेब दारात आले होते. त्यांनी ते बघितलं असावं. “ताई, रागावू नका,” ते म्हणाले. “काउंटरचं जमायचं नाही. पण आमची एक मावशी सोडून गेली आहे. ती जागा हाय. बघा विचार करून.”

“येते मी सोमवारपासून,” मी म्हणाले. विचार केला असता तर नाही म्हटलं असतं, हे मला तिथंच कळलं होतं.

घरी येईपर्यंत कसं सांगायचं ते जुळवत होते. दारात पाय ठेवला तर बापलेक दोघं माझ्याकडंच डोळे लावून बसलेले.

“काय झालं?” हे म्हणाले.

“मिळाली,” मी म्हणाले. पुढचं बोलायला तोंड उघडलं आणि गौतमीनं मला मिठीच मारली. “बघा बाबा! मी म्हटलं होतं की नाही? माझी आई काउंटरवर बसणार!” तिनं मला धरून गर्रकन फिरवलं. तिच्या खांद्यावरून मला यांचा चेहरा दिसला. कितीतरी महिन्यांनी ते हसत होते. मी उघडलेलं तोंड मिटलं.

एवढंच झालं. मी खोटं असं काही बोललेच नाही. नुसतं खरं सांगायचं राहून गेलं, आणि मग रोज राहत गेलं.

घरून चांगली साडी नेसून निघायची, मावश्यांच्या खोलीत निळी साडी नेसायची, संध्याकाळी परत बदलायची. हातांना फिनेलचा वास राहायचा, म्हणून लिंबाची साल चोळायची. गौतमीनं विचारलंच एकदा, तर म्हटलं, हॉस्पिटल आहे, वास येणारच. हे शेजारच्या बर्व्यांना सांगायचे, “आमची मंडळी बिलिंगला.” बर्वे म्हणायचे, वा वा. मी आत जाऊन भांडी घासायची.

कामाची मला लाज नव्हती असं मी म्हणणार नाही. होती. पहिल्या दिवशी एका म्हाताऱ्याचं भांडं उचलताना मला ओकारी आली आणि त्यानंच मला “नवीन दिसताय” म्हणून धीर दिला. मग त्याहून जास्त लाज वाटली. बेडग गावचे बापू ते, खुब्याचं हाड मोडून पडलेले. पुढं त्यांचं माझं जमलं. सुनेच्या कागाळ्या मला सांगायचे, मला शैलामावशे म्हणायचे.

आणि रविवारी दुपारी गौतमी झोपली की मी अजूनही ते सोंग उघडत होते. बायोडाटा तिथंच होता. मी कुणाकुणाच्या नावाची बिलं करायची, सेव्ह करायची, बंद करायची. तेवढा एक तास मी काउंटरवर बसलेली असायचे. हे पलंगावरून बघायचे आणि हळूच म्हणायचे, “सुट्टीच्या दिवशी पण ऑफिसचं काम? थोडा आराम कर की.”

बारावीचा निकाल मे महिन्याच्या शेवटी लागला. दुपारची वेळ होती. मी वॉर्डासमोरचा बोळ पुसत होते आणि काउंटरशी मला ती पाठमोरी दिसली. तीच वेणी, तीच पिवळी ओढणी, हातात पेढ्यांचा बॉक्स.

“शैलजा लोखंडे मॅडम कुठं बसतात? माझी आई आहे. बिलिंगला असते.”

जस्मीननं मान वर केली. तिच्या खांद्यापलीकडं मी, निळ्या साडीत, हातात पोछा. मी फक्त मान हलवली, नको म्हणून. त्या मुलीला बाकी काही सांगावं लागलं नाही.

“लोखंडे मॅडम होय? साहेबांकडं गेल्यात. बस तू, येतीलच.”

मी पोछा तिथंच टाकला आणि मावश्यांच्या खोलीत पळाले. साडी बदलली, हात साबणानं घासले, केसांवरून पाणी फिरवलं. आरशात बघितलं तर काउंटरवरचीच बाई दिसत होते. त्या खोलीतून बाहेर यायचं तर वॉर्डातूनच यावं लागायचं. वॉर्डाचं दार उघडं होतं आणि समोर काउंटर. जस्मीननं तेवढ्यात स्वतःची खुर्ची रिकामी करून ठेवली होती. डोळ्यांनी मला खुणावत होती, या, बसा. गौतमी मला बघून उठली. सगळं चेहऱ्यावर होतं तिच्या, मार्कसुद्धा.

“मावशे!” मागून आवाज आला. “ए मावशे, भांडं दे गं. थांबवंना.”

मी मागं बघितलं नाही. चालत राहिले.

“आगं शैलामावशे! ये की गं बाई!”

गौतमीनं बापूंकडं बघितलं. मग माझ्याकडं. जस्मीन मोठ्यानं म्हणाली, “बापू, जरा दम धरा, दुसऱ्या मावशी येतायत.” दुसरी मावशी एक पेशंट घेऊन एक्स-रेला गेली होती. ते मला माहीत होतं, जस्मीनला माहीत होतं आणि बापूंनाही. म्हातारा माणूस रडकुंडीला आला होता. समोरच्या कॉटवर भेटायला आलेली बायामाणसं बसलेली, आणि बापूंना अंथरुणात करायचं नव्हतं. खुर्ची चार पावलांवर होती. तिच्यात जाऊन बसले असते तर कदाचित अजूनही निभलं असतं.

मी वळले. भांडं काढलं, बापूंना कुशीवर घेतलं. आडोशाचा हिरवा पडदा ओढायला गेले तर त्याचं चाक नेहमीसारखं अडकलं. एका हातानं बापू, एका हातानं पडदा, काही जमेना. मग पडद्याचं दुसरं टोक कुणीतरी पकडलं आणि ओढून धरलं. पिवळी ओढणी दिसली. गौतमी तोंड पलीकडं करून उभी होती. बापूंचं होईपर्यंत ती तशीच उभी राहिली.

सगळं आवरून, हात धुऊन मी काउंटरपाशी आले. गौतमीचा आवाज नीट होता.

“कधीपासून?”

“पहिल्या दिवसापासून.”

“मग त्या मुलाखतीचं काय झालं?”

याचं उत्तर माझ्याकडं तयार होतं. ते मी कधीचं करून ठेवलं होतं. “दुसऱ्या कुणाची तरी ओळख निघाली गं. असतंय तसं.”

जस्मीनला राहवलं नाही. माझी बाजू घ्यायला म्हणूनच ती बोलली. “ओळख बिळख काही नाही गं. तुझ्या आईनं सगळं करून आणलं होतं. फक्त ते त्या जुन्या विंडोजच्या वेबसाईटवर सेव्ह केलेलं, ते इथं कसं उघडणार? नाहीतर मिळालीच असती त्यांना.”

नको ते झालं होतं. वॉर्डात गौतमीनं मला बघितलं त्याचं मला काही वाटलं नाही असं नाही, पण ही गोष्ट तिला कधीच कळू द्यायची नव्हती.

“तू त्याच्यावर सेव्ह करत होतीस?” गौतमी म्हणाली.

“रोज.”

“आणि तेच घेऊन आलीस इथं? सगळ्यांसमोर?”

मी ओले हात पदराला पुसले.

“आई, ते नुसतं खेळणं होतं गं. तू सारखी मधे मधे यायचीस, मला अभ्यासाला लॅपटॉप लागायचा, म्हणून मी...” तिनं पेढ्यांचा बॉक्स काउंटरवर ठेवला. “काही बिघडत नाही म्हटलं मी तुला.”

“पेढा दे,” मी म्हणाले. “किती पडले ते तरी सांग.”

तिनं सांगितलं. चांगलेच पडले होते. माझ्या हातांना वास होता, म्हणून तिनंच पेढा माझ्या तोंडात घातला. मी तो गिळला. बापू पलंगावरून ओरडले, “कुनाचं गं पोरगं? तुझं हाय का? शाणं हाय!”

सुट्टी होईपर्यंत ती बाकावर बसून राहिली. घरापर्यंत आम्ही चालत आलो. बाबांना सांगणार का, एवढं विचारायचं होतं, पण ते विचारण्याचीसुद्धा मला लाज वाटली. आईनं पोरीकडं असलं काही मागावं?

हे पायरीवरच बसले होते, आखडलेला पाय समोर लांब करून. पेढे झाले, पाया पडणं झालं, बर्व्यांना हाका मारून झालं. मग त्यांनी विचारलंच.

“मग? बघितलंस की नाही आईचं ऑफिस?”

मी ताटं घेत होते. हात जागच्या जागी थांबला.

“बघितलं की,” गौतमी म्हणाली. “काचेच्या मागं बसते, फिरत्या खुर्चीवर. पुढं ही रांग! तुम्ही तिची बोटं बघायला पाहिजेत बाबा, खाली बघतच नाही ती. नाव टाकलं, एंटर मारलं, बिल बाहेर.”

लहानपणी कपबशी फुटली तर न विचारता कबूल करणारी पोर ती. खोटं बोलायला गेली की कानाच्या पाळ्या लाल व्हायच्या तिच्या. त्या संध्याकाळी एकदाही झाल्या नाहीत. जे मी महिनाभर तोंड मिटून केलं होतं ते ती तोंड उघडून करत होती, आणि माझ्यापेक्षा कितीतरी सफाईनं. माझी लाज मी कशीबशी सोसत आले होते. ही सोसवेना.

यांचा आनंद मात्र मावेना. चांगल्या गुडघ्यावर थाप मारून ते म्हणाले, “पण शिकवलं कुणी तिला? आं? सांग की, शिकवलं कुणी?”

हॉस्पिटलातून निघाल्यापासून पहिल्यांदाच गौतमीनं सरळ माझ्याकडं बघितलं.

“हिनंच,” मी म्हणाले. “सगळं हिनंच शिकवलं.”

“मग!” हे बर्व्यांकडं बघून म्हणाले. “माझी पोरगी आहे.”

पाणी पिऊन येते म्हणून गौतमी उठली आणि आत गेली. बराच वेळ झाला तरी माठावरचं झाकण वाजलं नाही.